सात नंबरचं पेव

उघडलं म्हणजे लगेच उतरायचं नसतं.
हे शाळेत कुणी शिकवलं नाही,
यमनाप्पानं शिकवलं, माझ्या बापानं.
हरिपुरात त्याचं काम एवढंच:
हळदीच्या पेवावरची शिळा सरकवायची,
सुंभाला बांधून कंदील आत सोडायचा
आणि ज्योतीकडे बघत बसायचं.

ज्योत विझली तर आत हवा नाही.
तीन-तीन वर्षं अंधारात निजलेली हळद,
तिचा श्वास माणसाला चालत नाही.

आमच्या संगमावर तीन राज्यं पाय धुवायची.
एक काठ संस्थानाचा, एक कोल्हापूरचा,
आणि वरून येणारं पाणी
गोऱ्यांच्या सातारा जिल्ह्याचं.
बुडालेला ज्या काठाला लागेल
त्या सरकारचा मयत.
बाप म्हणायचा, मेल्यावरच कळायचं
आपण कुणाची रयत होतो.

त्रेचाळीसच्या माघात रात्री दोघं आले.
दस्तगीर शिकलगार, आणि कुंडलकडची एक पोरगी.
नाव तिनं सांगितलं नाही, यानं विचारलं नाही.
पोत्यात पत्रकं छापायचं यंत्र.
देवगोंडा शेठच्या सात नंबरच्या पेवात
ते हळदीखाली गेलं.
शेठला माहीत होतं की नव्हतं
यावर आमच्या घरात अजून दोन मतं आहेत.

पाचव्या दिवशी फौजदार. मागं चार शिपाई.
"उघड."
बापानं उघडलं. नाही म्हणाला नाही.
कंदील सोडला.
सात हातांवर ज्योत बारीक झाली,
एकदा उडाली,
गेली.
"उतरा सायेब," बाप म्हणाला, "मी दोर धरतो."

फौजदारानं दोराकडं बघितलं,
मग बापाच्या हातांकडं, नखांपर्यंत पिवळ्या.
ज्या राज्यावरचा सूर्य मावळत नाही
असं पोरं भूगोलात घोकत होती,
ते राज्य त्या दुपारी
एका विझल्या कंदिलापाशी थांबलं.
निदान बाप तसं सांगायचा.
आई म्हणायची, सायबाची जेवायची वेळ झाली होती.

सत्तेचाळीसच्या ऑगस्टात दिल्लीला झेंडा चढला.
आमच्याकडं राजा होताच.
पेढे मिळाले, पावती जुन्याच शिक्क्याची.
मार्चात संस्थान विलीन झालं
तेव्हा बापानं पेढीवर जाऊन हमालीचा दर विचारला.
तोच होता.

त्याच आठवड्यात यंत्र वर काढलं.
शिळा सरकवून दोन रात्री वाट बघितली त्यानं,
घाई कुणालाच नव्हती.
दस्तगीर येरळेच्या वाळूत गोळी खाऊन पडला होता,
पोरगी परत आली नाही.
गंजल्या रुळात अडकलेला एक कागद:
"बंधूंनो, उद्यापासून"
आणि पुढं काहीच नाही.
हळदीचा डाग तेवढा.

मग पेढीवर रेडिओ आला.
ब्रह्मदेश, सिलोन, घाना,
साठ साली तर आफ्रिकेतले देश
दर पंधरवड्याला एक सुटायचा.
नावं बापाच्या तोंडात बसायची नाहीत,
टांगानिकाला तो टांगेवाला म्हणायचा.
पण विचारायचा प्रत्येकाबद्दल,
लांबच्या पाव्हण्याची चौकशी करावी तसं,
"कंदील सोडला का रे त्यांनी?"
मी आठवी पास. हसायचो.

दोन हजार पाचच्या पुरात पेवं गेली.
बाप त्याआधी तेवीस वर्षं.
पाणी आत शिरलं, हळद कुजली,
महिनाभर गाव नाकाला पदर लावून हिंडलं.
सात नंबरच्या जागी आता खड्डा आहे,
भोवती तार,
तारेपलीकडं शाळेचं मैदान.

पंधरा ऑगस्टला पोरं तिथं रांगेत उभी राहतात,
आणि मी इकडं माळ्यावरचा कंदील काढतो,
काच पुसतो, वात कातरतो,
पायरीवर घेऊन बसतो.
कुठं सोडायचा ते मला ठाऊक नाही.
सुंभ मात्र नवा आणलाय.